सासू-सुनेचं दिनुगुआन

लाओआगच्या स्टँडवर डेल्फीन मनिलाच्या गाडीची वाट बघत होता. मागच्या बाकावर सासू-सून बसल्या होत्या. म्हातारीनं सुनेच्या पिशवीत डबा कोंबला.

“दिनुगुआन आहे. गाडीत खा.”

“तुमचं ते सुकं? डुकराचं मटण आणि रक्त, वर कोरडं ठणठणीत. माझ्या घशाखाली उतरत नाही, आई.”

“नारळाचं दूध घातलंय.”

“तुम्ही? वीस वर्षं मला नावं ठेवलीत. म्हणे, बिकोलची पोर मटणाची खीर करते.”

“माझ्या एफ्रेनला सुकंच आवडायचं.”

“तुमच्याकडून जेवून आला की माझ्याकडे परत जेवायला बसायचा. म्हणायचा, आईचं फार आंबट.”

“मला म्हणायचा, बायकोचं फार मिळमिळीत.”

डेल्फीनला मागून हसू ऐकू आलं.

“मेला दोन्हीकडे जेवायचा,” म्हातारी म्हणाली, आणि तिला रडू फुटलं.

“राहू द्या, आई. त्याला जाऊन काल चाळीस दिवस झाले. किती रडाल?”

“तू माहेरी चाललीस. आता मी करू कुणासाठी?”

“माझ्यासाठी करा. चला बिकोलला.”

“तुझ्या माहेरी मला कोण विचारतं?”

“मी विचारतेय ना.”

“माझे कपडे?”

“मागून मागवू.”

“आणि स्वयंपाक?”

“एक दिवस तुमचा, एक दिवस माझा.”

डेल्फीनच्या खांद्याला म्हातारीचा हात लागला.

“अहो दादा, तिकिटाची खिडकी कुठली?”