तांबड्या पाण्याचं शेवटचं कडवं

लॉर्ना : …आणि तो दाढीवाला पोरगा, असेल बावीस-तेवीसचा, गाणं संपल्यावर माझ्याजवळ आला आणि म्हणाला, "फार छान गायलात, आजी. फक्त शेवटच्या कडव्यात तुम्ही थांबला नाहीत. मूळ गाण्यात तिथे थांबायचं असतं."

मेव्हिस : थांबायचं असतंच.

लॉर्ना : मेव्हिस!

मेव्हिस : सगळे थांबतात. आमच्या हॉबवायकमध्ये शाळेतली पोरंसुद्धा थांबतात. पहिली ओळ झाली की मनात चार मोजायचे, मग दुसरी.

लॉर्ना : अगं, ते मूळ गाणं मी लिहिलंय.

मेव्हिस : हळू बोल. खिडकी उघडी आहे.

लॉर्ना : बघ! पन्नास वर्षांनी तुझ्या दारात आले, तू मिठी मारलीस, आल्याचा केक पुढे केलास. आणि खरं बोलायला तोंड उघडलं, तर खिडकी उघडी आहे.

मेव्हिस : आज बाबांच्या आठवणीतली गाण्यांची संध्याकाळ आहे. हॉलकडे जाणारी माणसं ह्याच रस्त्याने जातात. लीड्सहून बस भरून आली आहे. दोघं तर जपानहून आलेत, 'तांबडं पाणी' ऐकायला. त्यांच्या कानावर काय घालू? आमच्याकडे एक भाडेकरू होती, ती म्हणते गाणं माझं?

लॉर्ना : भाडेकरू होतेच की मी. एकाहत्तरचा हिवाळा. टायपिंगचा क्लास अर्धा टाकून घरातून पळालेली, एकवीस वर्षांची. मासे साफ करायच्या शेडमध्ये कामाला लागले आणि तुमच्या वरच्या खोलीत…

मेव्हिस : कामाला! चार दिवस गेलीस. मग हाताला फोड आले म्हणून दोन दिवस रडलीस, आणि त्याच हातांनी गिटार मात्र बडवत बसलीस. बाबा म्हणायचे, दक्षिणेकडची पोर आहे, तिला सवय नाही.

लॉर्ना : मिस्टर स्पेंसली मला कधी बोलले नाहीत. संध्याकाळी चुलीपाशी बसायचे आणि सांगायचे. लोखंडाच्या खाणीतून माणूस कसा नखशिखांत तांबडा होऊन येतो. तुझी आई कसं पाणी तापवून ठेवायची, पाठ चोळायची. पाणी कसं तांबडं व्हायचं आणि फरशीवर सांडलं की ती कशी ओरडायची. मी तुमच्या न्हाणीत गेले, तर ती फरशी खरंच तांबडी. तुझी आई जाऊन सहा वर्षं झाली होती, खाण बंद पडली होती, आणि डाग तसाच. त्या रात्री वरच्या खोलीत मी लिहिलं. सकाळी ह्याच टेबलाशी म्हणून दाखवलं. तू अंडी तळत होतीस.

मेव्हिस : करपली होती.

लॉर्ना : म्हणजे आठवतंय तुला.

मेव्हिस : आठवायला काय झालं? मी काही तुझ्यासारखी गावोगाव फिरले नाही. माझ्याकडे आठवायला तेवढंच आहे.

लॉर्ना : फिरले म्हणजे काय तीर मारले? पहिली रेकॉर्ड काढली, तिच्यात हे गाणं घ्या म्हटलं, तर ते म्हणाले, फार उदास आहे. दुसरी कुणी ऐकलीच नाही. मग ते छत्रीचं गाणं.

मेव्हिस : पिवळी टोपी घालून! टीव्हीवर, लहान मुलांच्या कार्यक्रमात. शेजारच्या घरी आम्ही पाहिलं. बाबा टक लावून बघत होते. मग म्हणाले, "ही आपली नव्हे," आणि उठून आले.

लॉर्ना : बरोबर म्हणाले. पण लोकांना तीच हवी होती. पंचवीस वर्षं मी व्हॅनमधून हिंडले, मेव्हिस. माझा क्लिफर्ड गाडी चालवायचा आणि ढोलही वाजवायचा. दोन्ही वाईट. कुठेही जा, तीन चांगली गाणी म्हणा, की मागून कुणीतरी ओरडणार : छत्री! क्लिफर्ड गेला… गेला म्हणजे दुसरीकडे गेला, तशी व्हॅनही गेली. मग स्विंडनला संध्याकाळच्या वर्गात गिटार शिकवत होते. निवृत्त पोस्टमन, दंतवैद्य, असे विद्यार्थी. एकदा त्यातला एक जण म्हणाला, मला ते जुनं पारंपरिक गाणं शिकवा, 'तांबडं पाणी'.

मेव्हिस : मग?

लॉर्ना : शिकवलं. काय करते? लोकांच्या तोंडी शेवटचं कडवं दुसरंच होतं, तेही मुकाट्याने शिकवलं; आता मीही तेच म्हणते.

मेव्हिस : पण आता तुझे चांगले दिवस आलेत ना? पेपरात वाचलं मी. तरण्या पोरी तुझी गाणी म्हणतात.

लॉर्ना : म्हातारपणी आलेत. सगळ्या आयुष्याची गाणी एकत्र काढताहेत, एक्कावन्न, सोबत एक पुस्तक. त्यासाठीच आलेय मी. कंपनीची मुलगी चारला फोन करणार आहे. पन्नास गाण्यांपुढे माझं नाव लागलंय. एक्कावन्नावं हे. ह्यापुढे काय लिहू, ते तिला आज हवंय.

मेव्हिस : आणि तू मला विचारायला आलीस.

लॉर्ना : हो. कारण मी माझं नाव लिहिलं, की तुझे बाबा खोटे ठरतात. लोकगीतांच्या त्या जुन्या पुस्तकात छापलंय, 'एनॉक स्पेंसली यांना हे गाणं आजोबांकडून मिळालं'. हॉलच्या भिंतीवर त्यांच्या नावाची पाटी आहे. आणि नाही लिहिलं, तर… माझं एकच गाणं चांगलं आहे गं. मला माहीत आहे. बाकीची पन्नास जातील. हे राहील आणि त्यावर माझं नाव नसेल.

मेव्हिस : तू तेव्हाच का नाही बोललीस?

लॉर्ना : बोलले की. गाणी टेपवर गोळा करून ते पुस्तक काढणारे डॉक्टर लेसी, त्यांना पत्र लिहिलं. त्यांचं एक कार्ड आलं, सुंदर अक्षरात. "परंपरेत इतकं बुडून गेल्यावर एखादं गाणं आपणच लिहिलं असं तरुण गायकांना वाटू लागतं, हे मी पुष्कळदा पाहिलं आहे." पुढे काय लिहिणार? मिस्टर स्पेंसलींनी 'आजोबांकडून' म्हणून सांगितलं म्हटल्यावर माझं कोण ऐकणार? त्यांनी असं करावं, हेच मला… ते गेले तेव्हा मी कळवलं ना, ब्रिस्टलला कार्यक्रम आहे, दफनाला येता येणार नाही?

मेव्हिस : कळवलंस. मी ते माफ केलं नव्हतं.

लॉर्ना : कार्यक्रम नव्हता. घरीच बसले होते.

मेव्हिस : खिडकी लाव. आणि ते कपाट उघड. टेबलक्लॉथच्या खाली, सगळ्यात तळाशी. बिस्किटांचा डबा आहे.

लॉर्ना : ह्यात तर कॅसेट आहे.

मेव्हिस : लेसींनी नाताळला मोठ्या टेपची प्रत पाठवली होती. सगळी, न कापलेली. माझ्या भाच्याने कॅसेटवर उतरवून दिली. त्यालाही ऐकू दिली नाही मी, आवाज बंद ठेवायला लावला. आण इकडे.

(मेव्हिस कॅसेट लावते.)

टेपवर एनॉक : फिरतंय का ते चाक? बरं. आता हे आपल्या लॉर्नाचं.

टेपवर लेसी : कुणाचं?

टेपवर एनॉक : वरच्या खोलीत राहायची. टायपिंग सोडून आलेली पोर. तिने केलं, ह्याच टेबलाशी.

टेपवर लेसी : म्हणजे तिनेही ते म्हटलं असणार. पण त्याआधी, मिस्टर स्पेंसली, तुमचे आजोबा वगैरे…

टेपवर एनॉक : आजोबा गात नसत. आजोबा चॅपलमध्ये बसून झोपत.

टेपवर लेसी : बरं, बरं. आपण गाणंच घेऊ या.

टेपवर एनॉक : शेवटचं कडवं मात्र तिचं नाही, हे लिहा. तिचं होतं ते खाणमालकांवर होतं. हुशार होतं. पण मला म्हणताना कसंतरी व्हायचं. मालकांचं काय करायचंय? माझी बायको गेली होती. मग मी माझं घातलं. पोरीला सांगू नका हं, वाईट वाटेल तिला.

लॉर्ना : बंद कर. नको, नको… राहू दे.

मेव्हिस : चार कडवी पुढे ढकलते. हं. हे शेवटचं.

टेपवर एनॉक :
आता हात धुतो मी, पाणी नितळच राहतं…
ख्खॉ, ख्खॉ… थांबा… ख्खॉ…
फरशीवर सांडलं, तर कोण रागावतं?

लॉर्ना : मेव्हिस. ते थांबणं…

मेव्हिस : खाणीतली धूळ. छातीत बसली होती. लेसींनी रेकॉर्डसाठी खोकला कापला आणि त्या जागी तेवढीच कोरी फीत जोडली. तेव्हापासून सगळा देश बाबांच्या खोकल्याएवढा थांबतो.

लॉर्ना : अगं, त्या थांबण्यावर कुणीतरी चाळीस पानांचा निबंध लिहिलाय!

मेव्हिस : माहीत आहे. मला पाठवलाय त्यांनी, सहीसकट. हसतेस काय? …रडतेस काय आता?

लॉर्ना : दोन्ही. त्यांनी सांगितलं होतं गं. पहिल्याच वाक्यात सांगितलं होतं. आणि मी पन्नास वर्षं त्या माणसाचा राग केला. तू होतीस तिथे. तू का नाही…

मेव्हिस : पुस्तक आलं, तेव्हा बाबांचे डोळे गेलेले. वाचून दाखवायला मीच. पहिल्याच पानावर बाबांचा फोटो, एवढा मोठा. बाबांचा! ज्यांना खाणीत नंबराने हाक मारायचे. आणि खाली ते आजोबांचं वाक्य. ते मी वाचलंच नाही, गाळलं. बाबांनी विचारलं, "पोरीचं नाव घातलंय ना?" मी म्हटलं, "हो बाबा, घातलंय." मग दर आठवड्याला विचारायचे. दर आठवड्याला मी हो म्हणायचे. मेले तेही तसंच समजून.

लॉर्ना : मला एक पत्र तरी लिहायचंस.

मेव्हिस : तुला पत्र लिहायला बसले होते मी. खूपदा. पण मग लोक येऊ लागले. पाटी लागली. त्या पितळी पाटीला दर शनिवारी ब्रासो लावून चकचकीत करते मी, लॉर्ना. तू रेकॉर्डवाली झालीस, टीव्हीवर आलीस. मला वाटायचं, हिच्याकडे इतकं आहे, हे एक आमच्याकडे राहिलं तर काय बिघडलं?

लॉर्ना : माझ्याकडे छत्री होती.

मेव्हिस : ते मला कुठे माहीत होतं? …फोन वाजतोय तुझा.

लॉर्ना : वाजू दे.

मेव्हिस : घे. घे आणि तुझं नाव सांग. पाटी मी स्वतः उतरवते. स्क्रू ड्रायव्हर आहे घरात.

लॉर्ना : हॅलो? हो, जेमा. हो, ठरलं. एक्कावन्न नंबर, 'तांबडं पाणी'. पारंपरिक नाही. नाही, माझंच, एकाहत्तर साली केलेलं. हो, मला माहीत आहे पुस्तकात काय आहे. पुस्तक चुकलंय. आता नीट लिही. पहिली चार कडवी आणि चाल, लॉर्ना टिलियर्ड. शेवटचं कडवं, एनॉक स्पेंसली… नाही, माझं पाचवं कडवं नको. होतं एक. ते गेलं ते बरं झालं… पुरावा? आहे. त्यांचा स्वतःचा आवाज आहे. पाठवते. थांब जरा, मेव्हिस काहीतरी खुणा करतेय. काय गं?

मेव्हिस : मिस्टर लावायला सांग. मिस्टर एनॉक स्पेंसली. नुसतं नाव नको.

लॉर्ना : जेमा, मिस्टर लाव. हो, दुसऱ्या कुणाला लावलेलं नाही, तरी लाव. बरं. ठेवते.

मेव्हिस : झालं?

लॉर्ना : झालं. पाटी राहू दे. तिच्यावर 'गायक' लिहिलंय, ते खरंच आहे. गायलेच ते.

मेव्हिस : आणि संध्याकाळी? मी उठून बोलायचं असतं दरवर्षी, सुरुवातीला. काय सांगू?

लॉर्ना : तुला जे सांगायचं ते सांग. पण शेवटी सांग. आधी त्यांना गाऊ दे, नेहमीसारखं, थांबून.

मेव्हिस : तू नाही गाणार? एवढी आलीस ती.

लॉर्ना : नको. तुला एक सांगू? कुठेही कुणी हे गाणं सुरू केलं, की मी उठून बाहेर जायचे. सिगारेटचं निमित्त करून. सिगारेट सोडली, तरी जायचे. दुसऱ्यांच्या तोंडून मी ते एकदाही पुरतं ऐकलेलं नाही. आज मागे कुठेतरी बसते आणि ऐकते.

मेव्हिस : मागे नको. खुर्च्या करकरतात तिथल्या, काही ऐकू येत नाही. पुढे बस, माझ्याजवळ.