भातावरची खीर

आमच्या थोरल्या बहिणीचं, अक्काचं, लग्न एका खिरीपायी मोडता मोडता राहिलं.

आमच्या गावी, उरवड्याला, पाहुणे तिला बघायला आले होते. आमच्याकडं खीर म्हणजे गव्हाची. अक्कानं मात्र कोकणातल्या शेजारणीकडून शिकून मुगाच्या डाळीची केली, गूळ आणि नारळाचं दूध घालून.

पुरुष जेवायला बसले. मुलाच्या वडिलांनी ती पिवळी वाटी सरळ भातावर ओतली, कालवलं आणि पहिल्याच घासाला थांबले.

“वरणात एवढा गूळ? पोरीला सैपाक येत न्हाई,” ते सगळ्यांदेखत म्हणाले.

आमच्या वडिलांची मान खाली गेली. तेवढ्यात अक्का चुलीपासून उठून बाहेर आली.

“मामा, तुमी भातावर खीर वतली. वरण त्या दुसऱ्या वाटीत हाय.”

बघायला आलेल्या माणसांपुढं मुलीनं असं बोलायची तेव्हा रीत नव्हती. वडील तिला आत जा म्हणून खुणावू लागले.

तोच आत बसलेल्या मुलाच्या आईला हसू फुटलं.

“इतकी वर्सं ह्यांची चूक सांगायला घरात मी एकटीच हुते,” त्या म्हणाल्या. “आता दोगी झालो. लावा पोरीला कुकू.”