दाढोबा कुणाकडे जाणार

सून : आई, नवा चष्मा घाला बरं. कपाटात ठेवायला नाही बनवला मी तो.

सासू : घालते गं बाई. आधी हा दाढोबा मांडीवरून उठू दे. शेपटी बघ कशी पसरलीय, जहागीरदार लागून गेलाय!

सून : राहू दे मांडीवरच. चार वाजता येतोय ना तुमचा लेक? येऊ दे, बघू दे.

सासू : माझा लेक म्हणू नकोस. तुझा नवरा म्हण.

सून : माझा नवरा चौदा महिन्यांपूर्वी गेला त्या दिव्यांच्या दुकानवालीकडे. नवरा संपतो, आई. लेक कुठे संपतो?

सासू : संपला असता तर बरं झालं असतं. टीव्ही नेला, मिक्सर नेला, पडद्यांचे दांडे उपसून नेले मेल्याने. मागे काय ठेवलं? मी आणि हा सरडा.

सून : आणि मी.

सासू : तुला त्याने टाकलं. आम्हाला तो विसरला. टाकायला निदान आठवण तरी लागते.

सून : फोनवर काय म्हणाला, परत सांगा. मला नीट राग येऊ दे.

सासू : कितीदा ऐकशील? "आई, माझा दाढीवाला ड्रॅगन जिवंत आहे ना? दुकानात दर्शनी काचेचं कपाट केलंय. त्यात ठेवतो. गिऱ्हाईक थबकेल." आणि ठेवला फोन.

सून : तुम्ही कशा आहात?

सासू : मी बरी आहे.

सून : मी नाही विचारत. त्याने विचारलं का, म्हणतेय.

सासू : कळलं मला. मुद्दाम तसं उत्तर दिलं. ऐक, मी काय ठरवलंय ते. तो आत आला, की आधी कुणाची चौकशी करतो ते बघायचं. माझी केली, तर जाऊ दे दाढोबा. मीच टोपलीत घालून देईन.

सून : आई! वेड लागलंय का तुम्हाला?

सासू : आणि सरड्याची केली, तर शेपटीचं टोकसुद्धा मिळणार नाही.

सून : तुमच्या मनातून त्याने विचारावं असंच आहे.

सासू : आईचं मन आहे, लोखंडाचं नाही. पण नाही विचारलं, तर लोखंडाचं होईल. तू मध्ये पडायचं नाहीस.

सून : मी कशाला पडू? मी आपली फक्त दाढोबाच्या खाऊचा, रातकिड्यांचा डबा त्याच्या हातात देणार आहे. तो झाकण सैल झालेला.

सासू : अगं, पण त्यातले सगळे पळतील!

सून : पळू देत की. त्याच्या बाहीतच जातील. आणि ही दाढोबाच्या पेटीतली जुनी ट्यूब. वर्तमानपत्रात गुंडाळून ठेवलीय, वर्ष झालं. आजच्या दिवसासाठीच.

सासू : तू तर माझ्याहून वस्ताद निघालीस.

सून : चष्म्याच्या दुकानात दिवसभर लोकांच्या नाकावर काचा बसवते. कुणाला काय दिसत नाही ते बरोबर कळतं मला.

सासू : खरं सांगू का? तो गेला त्या आठवड्यात मी या दाढोबाला टॉवेलात गुंडाळून निघाले होते. त्या बाईच्या दारात टाकून येणार होते. म्हटलं, घे तुझं ध्यान!

सून : हे मला ठाऊकच नव्हतं.

सासू : कोपऱ्यापर्यंत गेले. तर याने टॉवेलात छातीशी डोकं टेकवलं, डोळे मिटले आणि झोपला. मागचे पाय नुसते थरथरत होते. चालताच येत नव्हतं गं त्याला. मग तिथूनच तुला फोन केला, की जनावरांचा डॉक्टर कुठे आहे.

सून : आणि डॉक्टर म्हणाले, हाडं मऊ झालीत, ऊन द्या आणि कॅल्शियम द्या.

सासू : मला माझ्या डॉक्टरने हेच सांगितलं होतं, शब्दाला शब्द! तेव्हापासून सकाळी आठला आम्ही दोघं गॅलरीत. एका डबीतली पावडर त्याच्या किड्यांवर, एका डबीतली गोळी माझ्या तोंडात. दोघंही मऊ हाडांचे.

(दारावरची बेल वाजते.)

सून : चष्मा, आई.

सासू : घातला. उघड दार.

मुलगा : अरे वा, दोघी घरातच! कुठंय माझा रॉकेट? बघू, केवढा झालाय!

सासू : झालं.

मुलगा : काय झालं?

सासू : काही नाही. बस.

मुलगा : बसत नाही, गाडी खाली चुकीच्या जागी लावलीय. मांडीवर घेऊन बसलीयेस होय? तुला तर किळस यायची. ये रे रॉकेट, ये बाबा...

सून : सावकाश. त्याला रॉकेट म्हटलेलं कळत नाही. दाढोबा म्हण.

मुलगा : अरे! हे काय? दाढी काळीकुट्ट झाली याची! तोंड उघडून फिसकारतोय माझ्यावर!

सून : चिडला की तसंच करतो. आम्हालाही दाढी असती, तर आम्हीही काळी केली असती.

मुलगा : टोमणे मारायला नाही आलो मी. मी विकत घेतलाय त्याला. माझा आहे.

सून : घेऊन जा ना मग. कुणी हात धरलेत तुझे? आधी भरव त्याला, म्हणजे ओळख लागेल. हा घे डबा.

मुलगा : यात काय आहे? आईगं! अरे, हे... बाहीत गेले! सगळे बाहीत! काढ, काढ!

सून : अगंबाई, झाकण सैल आहे हे सांगायचं राहूनच गेलं.

सासू : उड्या मारू नकोस, खालचे लोक ओरडतील. झटक शर्ट. लहानपणी झुरळ बघून असाच नाचायचास.

मुलगा : हसा, हसा! मुद्दाम केलंत तुम्ही. ठीक आहे. काचेची पेटी, दिवा, सगळं देऊन टाका. पाच मिनिटांत निघतो.

सून : दिवा देते की. ही बघ ट्यूब, जपून ठेवलीय तुझ्यासाठी. लावून बघ त्या टेबलाच्या दिव्यात.

मुलगा : लागली. लख्ख आहे की! हिला काय धाड भरलीय?

सून : हेच तेव्हाही म्हणाला होतास. मी म्हटलं, पुडक्यावर वर्षाने बदला असं लिहिलंय. तर म्हणालास, पेटती ट्यूब कुणी बदलतं का, मी इलेक्ट्रिशियन आहे की तू?

मुलगा : मग? बरोबरच आहे.

सून : बरोबर? उजेड राहतो रे, पण हाडं घट्ट करणारे जे उन्हासारखे किरण असतात ना, ते वर्षात मरतात. दोन वर्षं त्याला नुसता उजेड दिलास. जबडा मऊ झाला, पाय वाकले. डॉक्टरांनी विचारलं, घरात दिव्यांचं कळणारं कुणी नाही का? काय सांगणार होते मी?

मुलगा : हे... हे मला कुणी सांगितलं नाही.

सून : मी सांगितलं होतं. आता दुकानात दिवे विकतोस ना? ही घेऊन जा आणि दर्शनी कपाटात हीच ठेव.

मुलगा : आई, तू बोल ना काहीतरी. इतका कसा ऐकतो हा तुझं? बघ, तू धरलेला किडा तुझ्या हातातून लगेच खाल्ला.

सासू : माझ्याच हातातून खातो. मी दोन दिवस दवाखान्यात होते, तर दोन दिवस उपाशी राहिला.

मुलगा : मग असं कर ना. तूच चल.

सून : काय?

मुलगा : तू नाही गं, आईला म्हणतोय. आई, चल माझ्याकडे. दुकानाच्या मागे एक खोली रिकामी आहे. तिथे तुझी खाट टाकू. याला सकाळी कपाटात ठेवायचं, संध्याकाळी आत घ्यायचं. तुला कामही होईल, याचंही होईल.

सासू : परत म्हण.

मुलगा : काय?

सासू : "आई, चल माझ्याकडे." तेवढंच परत म्हण. पुढचं नको.

मुलगा : आई, चल माझ्याकडे.

सासू : चौदा महिने दाराकडे कान लावून बसले होते या वाक्यासाठी. जिना वाजला की वाटायचं, आला. आणि आलास तो सरड्याची दाई शोधायला.

मुलगा : तसं नाही गं आई...

सासू : तसंच आहे. आत पाऊल टाकलंस, तेव्हा मी ठरवून बसले होते. एकदा नुसतं "आई, कशी आहेस" म्हणाला असतास, तर दाढोबाला टोपलीत घालून, ही पावडरीची डबी वर ठेवून, जिन्यापर्यंत सोडायला आले असते तुला. विचार हिला.

सून : म्हणाल्या होत्या. मी भांडले त्यावरून.

मुलगा : मग आता विचारतो ना! आई, कशी आहेस?

सासू : आता मी बरी आहे. जा.

मुलगा : हे बरं नाही करत तू. माझी वस्तू आहे ती. पावती आहे माझ्याकडे.

सासू : मग पावती ठेव काचेच्या कपाटात. गिऱ्हाईक थबकेल. आणि जाताना ट्यूब ने. इथे कचरा नको.

मुलगा : आई!

सासू : गाडी उचलून नेतील. जा.

सून : दार ओढून घे. आणि कॉलरमध्ये अजून एक आहे तुझ्या. डावीकडे.

सासू : गेला?

सून : दोन-दोन पायऱ्या उतरतोय. मान झटकत. आई, काय जिरवलीत हो! जीव निवला माझा. आई? रडताय का?

सासू : रडतेय कुठली. काच धुरकट झालीय.

सून : द्या इकडे, पुसून देते.

सासू : राहू दे. काळी फ्रेम, एवढी जाड. तोंडासमोर उभा होता तो इतका वेळ.

सून : त्याचं चष्म्याकडे लक्षच नव्हतं.

सासू : या दाढोबाचं होतं. पहिल्या दिवशी मी हा चष्मा घातला, तर मेल्याने दाढी काळी केली. दुपारपर्यंत माझ्या हातचं खाल्लं नाही.