दोन्ही किल्ल्या एकाच खिशात

माझे नाव व पत्ता स्वतंत्र कागदावर दिला आहे. वय ३६ वर्षे, व्यवसाय हिशेब तपासणी. विचारल्यावरून समक्ष सांगते की, खाद्यतेलाच्या एका गोदामाचे वार्षिक ऑडिट माझ्याकडे आहे. गोदामाला दोन कुलुपे आहेत. एकाची किल्ली गोदामपालाकडे, दुसऱ्याची व्यवस्थापकाकडे. दोघे हजर असल्याशिवाय दार उघडायचे नाही, असा नियम आहे. व्यवस्थापक हे गोदामपालांचे जावई आहेत, हे मला तेथे गेल्यावर कळले.

नियम खरोखर पाळला जातो का, हे आम्ही आधी पाहतो. म्हणून काल सकाळी मी दार माझ्यासमोर उघडायला सांगितले. गोदामपालांनी दोन्ही किल्ल्या स्वतःच्या खिशातून काढल्या. जावई कुठे आहेत विचारले, तर म्हणाले, त्यांना कामं असतात.

नियमावर भरवसा उरला नाही की माल स्वतः तपासावा लागतो. नुसती पिंपे मोजून भागत नाही, म्हणून ती उघडायला लावली. पुढची ठीक होती. मागच्या रांगेकडे वळले तेव्हा गोदामपाल म्हणाले, "ताई, तिथं अंधार आहे, पडाल." मी काचेची नळी तळापर्यंत सोडली. वर चार बोटे तेल, खाली पाणी. त्या रांगेतले प्रत्येक पिंप तसेच निघाले. गोदामपाल भिंतीला टेकून खाली बसले. मी त्यांना माझी पाण्याची बाटली दिली, ती त्यांनी घेतली नाही.

मी व्यवस्थापकांना फोन करून, माल जुळत नाही, लगेच या, एवढेच सांगितले. रांगेचा किंवा पाण्याचा उल्लेख केला नाही. गोदामपाल माझ्यासमोरच बसून होते, कुणाशी बोलले नाहीत. व्यवस्थापक आले ते दारातूनच सासऱ्यांना म्हणाले, "मागच्या रांगेत पाणी भरताना माझा तरी विचार करायचा होता, मामा."

गोदामपाल त्यांच्याकडे बघत राहिले. मग मला म्हणाले, "लिहा ताई. किल्ल्या माझ्याकडेच होत्या."

आज पोलीस ठाण्याच्या पायरीवर त्यांची मुलगी, म्हणजे व्यवस्थापकांची पत्नी, भेटली. कडेवर मूल होते. म्हणाली, बाबांचंच नाव राहू द्या, तेच तसं म्हणालेत. मी जबाब द्यायला आत आले.

दोन्ही किल्ल्या एकाकडे होत्या, यावरून नियम मोडला एवढेच कळते. तेल कोणी नेले ते कळत नाही.

जबाब मला वाचून दाखवला. त्यात 'गोदामपालाने तेल चोरले' असे वाक्य होते. ते मी सांगितलेले नाही, म्हणून माझ्यासमोर खोडण्यात आले. तेव्हा बाकावर बसलेले गोदामपाल म्हणाले, "राहू द्या की ते." उरलेला मजकूर मी सांगितला तसाच आहे.