टेंभरे सरांनी वाटलेली चित्रकार्डं

वहिनी, सरांची लेक, जावईबुवा, केंद्रातल्या शाळांमधले सगळे गुरुजी आणि बाई, आणि पुढच्या खुर्चीवर बसलेले साहेब, तुम्ही सगळे आलात. मला बोलायला सांगितलं तेव्हा मी सरळ नाही म्हटलं होतं. माझ्याच्यानं होणार नाही असं वाटलं. पण टेंभरे सर आणि मी एका शाळेत, शेजारशेजारच्या वर्गात शिकवत होतो. मी गप्प बसले तर एक गोष्ट त्यांच्याबरोबरच जाईल. म्हणून उभी राहिले.

आधीच्या वक्त्यांनी सांगितलं, सर शांत होते, संयमी होते. अजी, कोणत्या टेंभरे सरांबद्दल बोलून राहिले तुम्ही? आमचे सर एका जागी बसत नव्हते. शाळा सुटली की फुलचूरला घरी जायला गाडी काढायचे, फाटकापर्यंत जायचे आणि परत यायचे. "बाई, ते लेकरू आज फळ्याकडे पाहून चूप काऊन झालं?" मी म्हणायची, सर, घरी जा ना आता, वहिनी वाट पाहत असतील. तर तिथंच, गाडीवर बसल्या बसल्या, अर्धा तास बोलत.

ते लेकरू चूप काऊन होते? आमची शाळा चोरखमाऱ्याच्या तलावापलीकडची. वर्गातली निम्मी मुलं घरी गोंडी बोलतात, काही पोवारी, बाकीची झाडीबोली. गोंडी लेकरू घरी पाण्याला येर म्हणते. आपण फळ्यावर 'पाणी' लिहितो आणि म्हणतो, वाच. ते काय वाचेल?

सरकारनं ही अडचण मनावर घेतली. मी नावं ठेवायला उभी नाही, खरंच घेतली. संशोधनाला मदत दिली, शिकलेली माणसं पाठवली, हे साहेब त्यांतलेच, आमचं प्रशिक्षण केलं. काही शाळांना पहिलीसाठी चित्रकार्डं दिली. आधी चित्राला घरच्या बोलीतलं नाव, मग पुस्तकातलं. आणि काही शाळांना मुद्दाम दिली नाहीत. त्यांनी जुन्याच रीतीनं शिकवायचं आणि शेवटी दोन्हीकडच्या मुलांचं वाचन ताडून पाहायचं. त्या शाळांना आम्ही तुलनेच्या शाळा म्हणत होतो. आमची शाळा कार्डंवाली. नियम एकच, तपासणी होईपर्यंत कार्डं दुसऱ्या शाळेत जाऊ द्यायची नाहीत.

आता केंद्रातल्या शिक्षकांची शिक्षण परिषद संपल्यावर आपली रीत काय, ते साहेबांना माहीत नसेल. चहा-पोहे होतात, आणि कोणाजवळ काही चांगलं दिसलं की सगळे मोबाइलवर फोटो काढून घेतात. गाणं असो, तक्ता असो, खेळ असो. जो झाकून ठेवतो त्याला आपण वर्षभर बोलतो. अशाच एका परिषदेनंतर तुलनेच्या शाळेतल्या एका बाईंनी सरांना कार्डं मागितली. सर नाही म्हणाले. नियम का आहे ते नीट समजावून सांगितलं. बाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाल्या, "सर, तोवर माझी लेकरं दुसरीत जातील."

सरांनी पिशवी उघडली.

मी बाजूलाच होते. म्हटलं, सर, नियम आहे ना? तर मलाच म्हणाले, "मंग मी कायले मास्तर झालो?" चहा संपेपर्यंत कार्डं साऱ्या केंद्राच्या मोबाइलात गेली होती. ज्यांना गोंडी येत नव्हती त्यांनी मुलांच्या आयांना बसवून शब्द विचारले.

पुढं तपासणी झाली. दोन्हीकडची लेकरं सारखीच वाचू लागली होती. मग निष्कर्ष काय निघाला? फरक नाही. फरक नाही म्हणजे कार्डांचा उपयोग नाही. आणि उपयोग नाही, तर पुढच्या सत्रापासून मदत बंद.

हे कळलं त्या दिवसापासून सरांच्या जिवाला चैन नव्हतं. "बाई, प्रयोग माझ्यानं बिघडला. पण पद्धत नापास झाली असं कोणी कसं म्हणते?" सोमवारी ते कार्यालयात जाऊन सगळं सांगणार होते. मी विचारलं, नोकरीवर आलं तर? म्हणाले, "येऊ दे." रविवारी सकाळी छातीत दुखलं, आणि दवाखान्यात पोचायच्या आधीच सगळं संपलं.

मला राग येतो हो. त्यांचाच येतो. शुक्रवारी का नाही गेले? कोणाची वाट पाहून राहिले होते? रागावते आणि मग रडू येते.

काल मी वहिनींना विचारलं, हे सभेत बोलू का? लोक सरांना नावं ठेवतील. वहिनी म्हणाल्या, "त्याइले सांगाचंच होतं. तुमी सांगा."

साहेब, आम्हाला पास करा असं मी म्हणत नाही. कार्डांमुळंच मुलं वाचू लागली, हेही मी छातीठोकपणे सांगू शकत नाही. तेच शोधायला तर तुम्ही आला होता. पण दोन्हीकडे कार्डं होती, मग ताडून काय पाहिलं? एवढं अहवालात लिहा आणि प्रयोग पुन्हा करा. मदत बंद करू नका. जूनमध्ये नवी पहिली येऊन बसेल, तिच्यासमोर काय ठेवायचं ते आम्हाला अजून कळलेलं नाही. तुम्ही म्हणाल, एका बाईच्या सांगण्यावर कसा विश्वास ठेवू? बरोबर आहे तुमचं.

म्हणून आता तुम्हा सगळ्यांना सांगते. खुलासा मागतील, कारवाई होईल, ही भीती मला कळते. मलाही वाटते. सगळं सरांवर ढकलून मोकळं होणं सोपं आहे, ते काही उलट बोलणार नाहीत.

आपण सरांसाठी मौन पाळायचं आहे. पण सगळ्यांनी एकदम उठू नका. तुलनेच्या शाळेत असून ज्यांनी ती कार्डं वापरली, आधी फक्त त्यांनी उठा. बाकीच्यांनी बसून राहा.

मी थांबते.

उठा जी. कोणी एकानं तरी.

साहेब, जरा मागं वळून पाहा.

पाहिलंत? आता बाकीच्यांनीही उठा. सरांसाठी थोडा वेळ असेच उभे राहू.