बरं झाल्याची फिलम

अंबरनाथच्या दवाखान्यात चिंतामणराव पुस्तकात तोंड खुपसून बसले होते. शेजारच्या दोघी बायकांचं बोलणं कानावर पडत होतं. उठून जावं, तर आपण ऐकत होतो हे त्यांना कळलं असतं.

"तुळशे, तू अजून औषधाच्या रांगेत? मैदानात सरकारनं क्षयाची फिलम दाखवली, त्यात तुझा नवरा ठणठणीत बरा होऊन घरी आला की."

"ते पहिल्याच दिवशी घेतलं, मोतीबाय. फिलमवाले म्हणाले, अंगात बळ आहे तोवर बरं झाल्याचं उरकू. आजाराचं मागाहून कधीही घेता येईल."

"आणि खोकला?"

"तो शिकवावा लागला नाही."

"पोरीला कडेवर घेऊन काय हसत होता गं."

"तेच बघून आलीय ती. डॉक्टरनं तिला त्याच्याजवळ जायची बंदी केलीय. दाराशी उभी राहून भांडते माझ्याशी. म्हणते, बाबा बरा झालाय, सगळ्यांनी पाहिलंय, तूच खोटारडी."

"तो ऐकतो हे?"

"ऐकतो ना. काल म्हणाला, आता हेंद्रेपाड्यात तीच फिलम दाखवणार आहेत. पोरीला घेऊन जा, आणि अगदी पुढं बसव."