घरचंच आहे

— नाही नाही, बसा ना ताई. ती खुर्ची नको, ती करकरते, आणि माझ्या धंद्यात करकर चालत नाही — ही घ्या. तर इस्त्रीवाल्या मावशी म्हणजे तुमच्या आई. कधी गेल्या म्हणालात? महिना झाला — आणि आम्हाला पत्ता नाही. कपडेपटात आता दुसरीच बाई दिसते, मला वाटलं मावशी रजेवर असतील. म्हणजे, वाटलं असंही नाही. विचारलंच नाही मी.

तुम्ही त्या गाण्याचंच विचारायला आलात, मला दारातच कळलं — नाही, थांबा, आधी माझं ऐका. मी चाल लावत नाही, गात नाही, मला टाळीसुद्धा धड तालात देता येत नाही. मालिकेत कुठे कोणतं गाणं वाजवायचं ते मी शोधतो, मालकाची परवानगी आणतो आणि तक्त्यात लिहितो — गाणं अमुक, इतके सेकंद, शब्द कुणाचे, चाल कुणाची. तर एका भागात आई आजारी मुलीला झोपवते, आणि मला अंगाई मिळेना. दिग्दर्शक डोक्यावर बसलेले. कपडेपटावरून जातोय, तर मावशी इस्त्री फिरवता फिरवता गुणगुणतायत. फोन पुढे धरला, अख्खं म्हणवून घेतलं. मग विचारलं, मावशी, कुणाचं हो हे? तर म्हणाल्या, ‘कुणाचं कसलं, घरचंच आहे.’

आता तुम्हीच सांगा, घरचंच म्हणजे काय? आजीकडून आईकडे, आईकडून लेकीकडे — असंच ना? कुणीही तसाच अर्थ घेतला असता. मी तक्त्यात लिहिलं, पारंपरिक. पारंपरिक लिहिलं की सगळं सोपं होतं हो, परवानगी नको, सही नको. मोठ्या गायिकेनं गायलं, लोक रडले, दिग्दर्शकांनी माझी पाठ थोपटली —

असं बघू नका हो माझ्याकडे.

बरं. बाई जेव्हा म्हणते, हा स्वेटर घरचाच आहे, तेव्हा तो तिनं स्वतः विणलेला असतो. एवढं मला कळतं. तेव्हाही कळलं होतं. अहो, कुठल्या अंगाईत टिटवी असते? ‘नीज उभी दाराशी, टिटवी उघडेना दार.’ हे कुणीतरी एकाच रडक्या पोरीसाठी रचलंय, हे शेंबडं पोरही सांगेल. मी काय केलं — टिटवी काढली, छकुली घातली. मात्रा बरोबर बसल्या. दुसऱ्या कडव्यातून टिटवी निघता निघेना, तर कडवंच कापलं. तो भाग लागला, त्याच्या दुसऱ्या दिवशी मावशी जिन्यात भेटल्या. म्हणाल्या, ‘छकुलीपण छान वाटतं.’ बस्स, एवढंच. तेव्हापासून मी मागच्या जिन्यानं येतो. लाज वाटते हो. तुम्ही तक्रार करा, वकील आणा, मी नाही म्हणणार — काय?

पुन्हा सांगा.

आवाज? नुसता आवाज हवाय? आईचा आवाज तुमच्याकडे कुठेच नाही, आणि मी एकदा काहीतरी टिपून घेतलं होतं असं त्या म्हणाल्या होत्या, म्हणून — आणि गाणं मालिकेत वाजलं, हे तुम्हाला माहीतच नव्हतं. त्या बोलल्याच नाहीत घरी. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते हे. तुम्ही विचारलं काय आणि मी ओकत बसलोय काय.

आहे. अख्खं आहे, दोन्ही कडवी, मध्ये इस्त्रीची वाफ सुटलेलीसुद्धा ऐकू येते. पाठवतो. आणि तक्ता तुमच्यासमोरच बदलतो — हे बघा, पारंपरिक खोडलं. आता इथे मावशींचं — मावशींचं नाव काय होतं, ताई? आठ वर्षं माझे शर्ट त्यांच्या हातून गेले, आणि — सांगा. हं. लिहिलं. शब्दही त्यांचे, चालही त्यांचीच.

तुमचा नंबर द्या. आणि नाव? नाही, हे नाही. घरी काय हाक मारायच्या मावशी तुम्हाला?

हं. टिटवी. तसंच लिहितो.

बरं.

या तुम्ही. दार ओढून घ्या.